मैदानावरचा सडा

दुपारी एक वाजता मोताळ्याच्या मैदानावर पोचलो आणि माझ्या हातातून सायकलच सुटली. कबड्डीच्या मैदानावर शेणाचा सडा. चुन्याच्या रेघा गायब. मधोमध रांगोळीचा भलामोठा मोर.

मी तेव्हा बांधकाम खात्यात ओव्हरसियर होतो, म्हणजे इंजिनियरच्या हाताखाली उन्हात उभा राहणारा माणूस. चार वाजता परदेशातून आलेला संघ आमच्या जिल्ह्याच्या संघाशी खेळणार होता. महाराष्ट्र होऊन थोडीच वर्षं झाली होती. "नवं राज्य, नवा देश. पाहुण्यांनी हे बघून जायला हवं," असं साहेब रोज बजावत. संध्याकाळी मलकापूरहून पाहुण्यांची गाडी होती. सामना आज नाही तर कधीच नाही.

आमच्याकडची काळी माती ओली झाली की पाय धरते. म्हणून मी आठ दिवस खपून खाली मुरूम दाबला होता, वर चाळलेली कोरडी माती पसरली होती. त्या मातीचा आता चिखल झाला होता.

"कोणी केलं हे?" मी ओरडलो.

सरपंचांच्या आई, गिरजाबाई, बादलीसकट पुढे आल्या. मागे दहा-बारा बाया.

"आम्ही केलं. काऊन?"

"आता खेळणार कसे?"

"परमुलखातून पाव्हणे येऊन राह्यले, त्याहिले सड्याबिगर पाय ठेवू द्याचा काय? गावाची इज्जत हाय का नाही?"

साहेब तरी आठ दिवस दुसरं काय सांगत होते! माझा राग निम्मा उतरला. खेळाडू घसरून पडतील, हात-पाय मोडतील, सामना रद्द होईल, हे मी समजावलं. बायांचे चेहरे पडले.

"चुलीतली राख चालते का?" गिरजाबाईंनी विचारलं.

"चालते काय, धावते!"

आम्ही वरचा ओला थर फावड्यांनी खरवडला. घराघरांतून टोपल्या भरून गार राख आली. तिच्यावर उरलेली कोरडी माती पसरली, रेघा पुन्हा मारल्या. मोर गेला, त्याचं मला अजून वाईट वाटतं.

साडेतीनला साहेबांची जीप आली.

"हे काय?"

"राख, साहेब. ओल शोषून घेते."

"एस्टिमेटमध्ये होती?"

"नाही साहेब. सडाही नव्हता."

आम्ही दोन गुणांनी हरलो. शेवटी दोन्ही संघ इतके राखाडले होते की आपला कोण, परका कोण, कळेना. पाहुण्यांचा कप्तान चिमूटभर माती हातात घेऊन म्हणाला, साऱ्या दौऱ्यात इथंच गुडघे शाबूत राहिले, हिच्यात काय मिसळता? साहेबांनी माझ्याकडे बोट केलं. मी गिरजाबाईंकडे.

पुढे नोकरीभर मैदानाच्या प्रत्येक कामाला मी एक पहारेकरी जास्तीचा मागितला. पाहुणे येईपर्यंत स्वागत थोपवायला.