बरणीवरची चिठ्ठी

"आधी पाठ बघू," असे म्हणून आमचे डॉक्टर मेलेला साप टेबलावर सरळ पसरत आणि भिंग डोळ्याला लावत. साप चावलेला माणूस समोर गळाठून बसलेला, घरच्यांनी रडायला सुरुवात केलेली, आणि हे गृहस्थ सापाची पाठ बघताहेत! कर्जतच्या दवाखान्यात मी तेव्हा नवा कंपाउंडर होतो. मला वाटले, हा माणूस ठार वेडा आहे.

पुढे त्यांनीच मला शिकवले. मण्यार आणि कवड्या दोन्ही काळपट, दोघांच्या अंगावर पांढरे पट्टे. पण मण्यारीच्या पाठीवर मधोमध मोठ्या, षटकोनी खवल्यांची ओळ असते, कवड्याला नसते. मण्यार जीव घेते, कवड्या नुसता चावतो. "पट्ट्यांवरून नाव ठेवू नका. पट्टे कुणीही मिरवतो," ते म्हणत. कपाटात स्पिरिटच्या बरण्यांतून साप नात्यागोत्याप्रमाणे लावलेले असत, प्रत्येक बरणीवर त्यांच्या हातची चिठ्ठी. तुम्हीही असा एखादा काटेकोर माणूस पाहिला असेल. एकदा मी एक चिठ्ठी चुकीची लावली, तर दोन दिवस माझ्याशी धड बोलले नाहीत.

भिसेगावचा एक शेतकरी तर म्हैस भावाला देऊन, सगळ्यांचा निरोप घेऊनच आला होता. डॉक्टरांनी त्याचेच बोट धरून सापाच्या पाठीवरून फिरवले.

"मधली ओळ मोठी लागते का?"

"नाय."

"मग हा कवड्या. उठा, घरी जा."

"आन् म्हस?"

"परत मागून घ्या."

बिचारा ओशाळून गेला. आम्ही दिवसभर हसत होतो.

मग एका सकाळी कोंडाण्याहून एका बाईला डोलीत घालून आणले. पहाटे अंथरुणातच साप चावला होता. बरोबर तान्हे मूल आणि नवरा, त्याच्या हातात फडक्यात बांधलेला साप. डॉक्टरांनी भिंग लावले. मीही वाकून पाहिले. मोठ्या खवल्यांची ओळ स्वच्छ दिसत होती. बाईच्या पापण्या मिटू लागल्या होत्या. मण्यारीच्या विषावर आमच्यापाशी काहीही औषध नव्हते.

"दागतरबाबा, मन्यार हाय का वो?"

"छे गं. कवड्या आहे."

तिचा विश्वास बसेना. तेव्हा त्यांनी तिच्यासमोर साप बरणीत घातला, चिठ्ठी लिहून चिकटवली आणि बरणी नवऱ्याच्या हातात दिली. त्याला अक्षरओळख होती. एकेक अक्षर जुळवत त्याने वाचले, "क-व-ड्या."

बाई हसली. "मंग पोराला द्या माज्यापाशी. डोळं लय जड झाल्यात."

"पहाटेपासून जागी आहेस ना. पड जरा."

डॉक्टर तिचा हात धरून बसून राहिले. दुपारी ती गेली. नवऱ्याला बाहेर नेऊन त्यांनी खरे काय ते सांगितले. त्याने बरणी माझ्या हातात परत दिली. मग म्हणाला, "बरं केलंत. लय भ्यायची ती."

महिन्याभराने मी विचारले, "ती चिठ्ठी बदलू का?"

"नको. तिला तसं सांगितलंय ना."

त्या दिवसापासून मला हा माणूस फार आवडू लागला.

पुढे त्यांची खालापूरला बदली झाली आणि तिथेच ते तापाने गेले. नव्या डॉक्टरांनी आल्या आल्या कपाट उघडले. एक बरणी उजेडात धरून म्हणाले, "ही तर मण्यार आहे! चिठ्ठी कुणी लिहिली? दौत आणा."

"शाई वाळलीय, साहेब," मी म्हणालो.

दौत काठोकाठ भरलेली होती.