काचवाल्याचा संशय

काचवाल्याच्या मनात एकदा संशय शिरला की तो जाता जायचा नाही. गिऱ्हाइकाने दिलेलं माप तो स्वतः जाऊन पुन्हा घ्यायचा. खिडकीच्या बाबतीत लोक बिनदिक्कत खोटं बोलतात, असं त्याचं ठाम मत. आणि आता तर संशय पोटच्या पोरीवरच!

दुकानात दोघंच. मोठी काच उचलायची तर बाप पुढे, लेक मागे. तिने "चला" म्हटलं की चालायचं, "थांबा" म्हटलं की थांबायचं. पण महिना झाला, पोर मोठ्या काचेला हात लावायचं नाव घेईना. कधी कंबर धरली, तर कधी "हमाल बोलावू या की".

काचवाल्याच्या डोक्यात किडा वळवळायला लागला. त्याच्या आईचे आधी हात थरथरले, मग बोलणं गेलं, शेवटी ती माणसंही ओळखेना. रक्तातून उतरणारा रोग. डॉक्टरीणबाई म्हणाल्या होत्या, "तुम्ही तपासून घ्या, कितीतरी वर्षं आधी कळतं." याने तोंडावर सांगितलं, "औषध नाही ना? मग कळून काय दिवे लावू?"

आता पोरीनेच आपल्याला चोरून तपासलं असणार. केस नेले असतील, नाहीतर उष्टा कप! तेव्हापासून त्याने कंगवा कपाटात ठेवला, कप स्वतः विसळायला लागला आणि येताजाता पोरीला टोमणे मारायला लागला.

शेवटी त्याने तिला दुकानातच गाठलं. "खरं सांग. माझ्या हातांचा भरवसा उरला नाही ना? कुणाला विचारून तपासलंस मला?"

"तुम्हाला नाही तपासलं, बाबा."

"मग काच का उचलत नाहीस?"

"मला तपासलं." ती हातमोजे काढत राहिली. "हात अजून ठीक आहेत. पण काच धरली की धीरच होत नाही. सुटली तर तुमच्या अंगावर येईल."

काचवाल्याने मनातल्या मनात हिशेब मांडला. आजीचा रोग नातीपर्यंत आणखी कुठून येणार? मधे तोच तर होता.

"तुम्हाला स्वतःचं कळून घ्यायचं नव्हतं ना," ती म्हणाली. "माझं सांगितलं असतं, तर तुमचंही सांगितल्यासारखंच झालं असतं."

स्वतःचं त्याला त्या घडीला काहीच वाटलं नाही. पोरीचं वाटलं. महिनाभर हे एकटीने गिळून बसली होती बिचारी.

"कुणाजवळ रडलीस तरी का गं?"

"कुठे रडणार, बाबा? तुमची सारखी नजर माझ्यावर."