आधी बाजारात, मग कोर्टात

इंदापूरच्या कोर्टाबाहेर आईनं तडजोडीच्या अर्जावर अंगठा द्यायला साफ नकार दिला, तेव्हा आमच्या वकिलांनी चष्मा काढून डोळेच चोळले.

"माफी कुठं लिवलीय ह्यात?" तिनं मला विचारलं.

तिला वाचता येत नव्हतं. म्हणून दर तारखेला ती सणसरहून आणि मी जळोचीच्या सासरहून यायचे. नव्वदच्या दशकातली गोष्ट, तीन वर्षं आमचं हेच चाललं होतं. मी अर्ज दोनदा वाचला. 'गैरसमजातून वाद झाला, आता आपसात मिटला.' माफीचा पत्ताच नाही! मला कागदातली खोट शोधायची भारी खोड.

"वकीलसाहेब, कायद्यात माफीला जागाच नाही?"

"ज्याला मार बसला, शिवी ऐकावी लागली, त्यानं मिटवतो म्हटलं की झालं. कोर्ट तेवढंच विचारतं. माफीचं तुमचं तुम्ही बघा."

कमाल आहे म्हटलं. शाळेतसुद्धा आधी माफी मागायला लावतात!

मारलं होतं आमच्या चुलत्यानं, म्हणजे आईच्या चुलत दिरानं. इंदापूरच्या बाजारात दोघं शेजारी भाजी घेऊन बसायचे. एकदा हातभर जागेवरून जुंपली, तशी त्यानं वांग्यांची पाटी लाथेनं उडवली, आईला ढकलून दिलं आणि भर बाजारात ओरडला, "नवऱ्याला खाल्लंस, आता माझी जागा खातीस व्हय!" माझे वडील जाऊन वर्षही झालं नव्हतं. पडून दुखावलेलं कोपर महिन्यात बरं झालं. पण आई त्यानंतर बाजारात बसली नाही. भाजी दुसऱ्याच्या हाती पाठवायची.

आता त्याच्या मुलीला स्थळ आलं होतं, पाहुण्यांनी कोर्टाचं विचारलं होतं, म्हणून ही तडजोडीची घाई.

आई त्याच्या वकिलांना म्हणाली, "जितं शिवी दिली तितं माफी मागू द्या. आधी बाजारात, मग कोर्टात."

बाजाराच्या दिवशी तो आला. गवार, कांदे, मिरच्यांची पोती मांडलेली, भोवती तीच माणसं. आई पदर खोचून उभी. तो खाली बघत पुटपुटला, "वहिनी, चुकलं माझं."

मला वाटलं, सुटलो एकदाचे. पण आई कुठली सोडतेय!

"भावजी, शिवी येवढ्या बारीक आवाजात न्हवती दिली."

मिरचीवालीनं तराजू खाली ठेवला. त्याचा चेहरा काळाठिक्कर पडला. मला त्याची कीव आली आणि कीव आली म्हणून स्वतःचा रागही आला. मग तो खच्चून ओरडला, "चुकलं माझं, वहिनी! वंगाळ बोललो मी!"

आईनं नुसती मान हलवली.

पुढच्या तारखेला न्यायाधीशांनी विचारलं, "बाई, राजीखुशीनं मिटवताय ना? कुणाचा दबाव?"

"दबाव न्हाय सायेब. माझं पुरं झालंय."

निकाल हातात आला आणि माझं डोकंच फिरलं. 'आरोपीची निर्दोष मुक्तता.' निर्दोष! अख्ख्या बाजारानं ऐकलेलं काय मग?

"तडजोड झाली की कायद्यानं तो निर्दोषच," वकील म्हणाले. जणू साखर गोड असते म्हणून सांगत होते.

"काय लिवलंय?" आईनं विचारलं. खोटं सांगावं असं क्षणभर मनात आलं, पण तिच्यासमोर मला कधी खोटं बोलता आलेलं नाही. मी वाचून दाखवलं.

ती विचारात पडली. "निर्दोष व्हता, तर वरडला कशाला?"

वकिलांना हसू आलं. मला नाही आलं. मी तावातावानं म्हटलं, आपण साहेबांना सांगू, हे बदलून मागू.

"ऱ्हाऊ दे गं. त्यास्नी काय लिवायचं ते लिवू दे." तिनं कागदाची घडी घालून पिशवीत टाकली. "बाजारादिवशी पहिल्या गाडीनं ये. माझी जागा धरायची हाय."