लाईट नव्हती

खिचडी शिजली की ती डावाच्या टोकावरचा घास डाव्या तळहातावर घ्यायची, फुंकर मारून चाखायची आणि मग स्वतःच्या जिभेवर भरवसा नसल्यासारखी रांगेतल्या एखाद्या पोराला हाक मारायची. "ये इकडं. खरं सांग, मीठ कसं हाय?"

पोरं भुकेलेली. "चांगलंय आजी," म्हणून मोकळी व्हायची. ही डोळे वटारायची. "तोंडावर गोड बोलू नगंस. खरं सांग म्हनलं ना." एकदा पहिलीतल्या एका पोरीनं खरंच सांगितलं, "खारट झालंय." तिला जवळ ओढून तिनं तिच्या गालावरून हात फिरवले, कानशिलावर बोटं मोडली आणि अख्ख्या पातेल्यात तांब्यानं पाणी ओतलं. त्या दिवशी शाळेनं खिचडी खाल्ली नाही, प्यायली.

सोनपेठ तालुक्यात गोदाकाठच्या एका गावात मी तेव्हा जिल्हा परिषदेच्या शाळेवर होते. ती आमच्याकडे पोषण आहार शिजवायची. पोरं तिला आजी म्हणायची, आम्ही शिक्षक मावशी. उंच, काटकुळी, नऊवारी लुगड्यातली. अशा बाया तुम्हीही पाहिल्या असतील. शाळेच्या मागच्या खोलीत धुरात वाकलेल्या असतात, घंटा झाली की सगळ्यांना आठवतात आणि जेवणं झाली की कुणालाच आठवत नाहीत.

मदतीला तिची सून असायची. सून कसली, थोराड झालेली पोरगीच. तांदूळ रटरटायला लागला की ती हळूच मैदानात सटकायची आणि साडी खोचून चौथीच्या मुलींबरोबर लंगडी खेळायची. तिची स्वतःची लेक दुसरीत होती, तिला आईच्या या खेळाची लाज वाटायची. आतून मावशीचा आवाज यायचा, "आगं बया, खिचडी करपायलीय!" सून धापा टाकत आत पळायची आणि आतून दोघींचं हसणं ऐकू यायचं. "माझी सून लय हसती बाई," मावशी मला तक्रार करावी तसं सांगायची. "घरात दात दिसत न्हाईत तिचे. हितं आली का सुटती."

घरात दात का दिसत नाहीत, ते गावाला माहीत होतं. मावशीचा एकुलता एक मुलगा ट्रॅक्टर चालवायचा. प्यायला नाही तरी त्याचा हात उठायचा. सून माहेरी फोनवर जास्त वेळ बोलली, हे कारण त्याला पुरायचं.

एका सोमवारी मावशी हात गळ्यात बांधून आली. मनगट मोडलं होतं. काय झालं, म्हणून विचारलं तर म्हणाली, "म्हशीनं ढुशी मारली."

ती म्हैस मी पाहिली होती. शाळा सुटली की पोरं तिच्या पाठीवर चढून नदीपर्यंत जायची, तरी ती मान हलवायची नाही. मी म्हणाले, "मावशी, ती म्हैस?" तिनं माझ्याकडे पाहिलं नाही. एका हातानं तांदूळ निवडत राहिली. शेजारी सून बसली होती. तिनं ताटात मान घातली. पोराच्या आणि सुनेच्या मधे पडताना ते मनगट मोडलं होतं.

पुढचं उन्हाळ्याच्या सुट्टीत घडलं. ते मला मावशीनंच नंतर सांगितलं, आणि पुढं कोर्टात सांगितलं तेही शब्दाशब्दानं तसंच होतं.

दुपारची ती ज्वारीचं दळण घेऊन गिरणीवर गेली होती. तिचा नंबर आला, डब्यातली ज्वारी वर ओतली आणि गिरणी घरघरत बंद पडली. लाईट गेली. आता संध्याकाळीच येईल, असं गिरणीवाला म्हणाला, तेव्हा अर्धवट दळण तिथंच टाकून ती घरी आली. मुलगा दारात उभा होता. आत उंबऱ्याला डोकं टेकवून सून पडली होती. शेजारी कूलर आडवा केलेला.

"आत्ताच कूलरचा शॉक बसला," मुलगा म्हणाला. "आपटली."

मावशीनं आधी सुनेकडं पाहिलं, मग पंख्याकडं. पंखा थांबलेला होता.

"लाईट कुठंय रे?" तिनं विचारलं.

मला हे सांगताना ती म्हणाली, "त्यानं मान वर करून पंख्याकडं बघितलं बाई. तवा मला कळलं."

भावकी जमली. सगळ्यांनी कूलरचंच ठरवलं. उन्हाळ्यात आमच्याकडे कूलरच्या शॉकनं माणसं जातात, कुणाला नवल वाटत नाही. पोलीस आले तेव्हा ती भिंतीला टेकून बसली होती. तिला विचारलं नसतं तरी चाललं असतं. पण हवालदारानं सहज विचारलं, "मावशी, तुम्ही होता का घरात?" आणि ती म्हणाली, "मी न्हवते. पन लाईटबी न्हवती."

त्या एका वाक्यावर मुलगा आत गेला. शवविच्छेदनात डोक्याला जड वस्तू लागल्याचं निघालं. न्हाणीजवळचं धुणं बडवायचं धोपटणं पोलिसांनी जप्त केलं.

मग तिच्या दारात येणाऱ्यांची रीघ लागली. दीर आले, जाऊ आली, सरपंच आले. जाऊ तर पदर पसरून म्हणाली, "आक्का, गेली ती गेली. पोटचं पोरगं बी घालवता का? उद्या तोंडात पानी कोन घालंल तुमच्या?" मावशीनं सगळ्यांना चहा दिला. जबाब बदलला नाही. हळूहळू भावकीनं तिच्याकडचं येणं-जाणं तोडलं. लग्नाचं आवतण बंद झालं. शाळेच्या समितीत एक जण म्हणाला, असली बाई पोरांना जेवू घालायला नको. मुख्याध्यापकांनी ते कसंबसं थोपवलं.

मी एकदा धीर करून विचारलं, "मावशी, तुम्हाला कसं जमलं हे?"

ती चुलीपाशी होती. तिनं लाकूड आत सारलं. मग म्हणाली, "त्या टायमाला म्हशीचं नाव घेतलं न्हवं का मी. हवालदाराला तवाच सांगितलं असतं, पोरगा मारायलाय म्हनून, तर चार दिस आत बसला असता. सून राहिली असती. म्हशीनं मारली म्हनले. आता किती येळा म्हशीचं नाव घेऊ?"

खटला चार-साडेचार वर्षं चालला. परभणीच्या कोर्टात तारीख असली की ती पहाटे शिजवणाची सोय लावून एसटी धरायची. कधी आरोपीला आणलेलं नसायचं, कधी वकील नसायचे, कधी साहेबांचीच बदली झालेली असायची. बाहेरच्या बाकड्यावर ती बसायची आणि त्याच बाकड्याच्या दुसऱ्या टोकाला सुनेचे वडील. ते चुडाव्याहून रेल्वेनं यायचे. आरोपीची आई आणि मेलेल्या पोरीचा बाप. पहिली दोन-तीन वर्षं ते तिच्याशी चकार शब्द बोलले नाहीत. मग एके तारखेला त्यांनी धोतराच्या सोग्यातून पेरू काढले आणि मधल्या जागेवर ठेवले. "नातीला द्या," एवढंच म्हणाले. त्यानंतर प्रत्येक तारखेला काही ना काही असायचं. बोरं, चिंचा, हरभऱ्याचे डहाळे. निकाल लागण्याआधीच ते वारले. पुढच्या तारखेला मावशी बाकड्याच्या तिच्या टोकालाच बसली, मधे सरकली नाही.

तिच्या साक्षीच्या दिवशी मी रजा काढून बरोबर गेले होते. गिरणीवाला आधीच फिरला होता. त्या दिवशी लाईट होती की नव्हती, आठवत नाही म्हणाला. सगळा भार तिच्या एकटीवर आला. आरोपीच्या वकिलांनी उलटतपास घेतला. सुनेशी तुमचं पटत होतं का, जमिनीवरून मुलाशी तुमचं वाकडं होतं ना, तुम्हाला कुणी शिकवलं हे सगळं. ती पिंजऱ्यात दोन्ही हातांनी कठडा धरून उभी होती. शेवटी ते म्हणाले, "तुमचं स्वतःच्या मुलावर प्रेमच नाही, असं म्हटलं तर?"

तिनं पहिल्यांदा मुलाकडं पाहिलं. मग वकिलांकडं. "साहेब, लाईट न्हवती. ते सांगायला आलेय. मायेचं कुनी समन्समधी इचारलं न्हवतं."

न्यायाधीशांनी पेन खाली ठेवलं. कोर्टात कुणी हसलं नाही.

जन्मठेप झाली. निकाल ऐकून ती बाहेर आली, पिशवीतून फडक्यात बांधलेली भाकरी आणि ठेचा काढला आणि बेड्या घातलेल्या मुलाजवळ गेली. बरोबरच्या शिपायानं तोंड फिरवलं. मुलगा म्हणाला, "आई, तूच घातलंस मला हितं."

ती म्हणाली, "जेव."

त्यानं भाकरीला हात लावला नाही. सोनपेठच्या एसटीत ती ते गाठोडं मांडीवर घेऊन बसली होती. मी शेजारी होते.

निकाल लागला की गोष्ट संपते, असं आपल्याला वाटतं. मलाही वाटलं होतं. मुलानं वर अपील केलं आणि ते अपील वर्षानुवर्षं पडून राहिलं. दरम्यान माझी बदली मानवत तालुक्यात झाली. नात सातवी झाली तेव्हा मावशी तिला घेऊन मानवतला आली. गावात पोरीला शाळेत कुणी ना कुणी बोलायचंच. बाजाराच्या मागच्या बाजूला मी त्यांना एक खोली बघून दिली. मुलींच्या एका वसतिगृहात तिला स्वयंपाकाचं काम मिळालं. तिथल्या कॉलेजच्या पोरींनाही ती पहिल्या दिवसापासून विचारायला लागली, मीठ कसं हाय, खरं सांगा. त्या पोरी खरंच सांगायच्या आणि मग ती आमच्या घरी येऊन रडकुंडीला यायची. "बाई, लय नाकं मुरडतेत वो ह्या!"

मधे एकदा मुलगा पॅरोल मागत होता. पोलीस चौकशीला खोलीवर आला. घरी घ्यायला तयार आहात का, हरकत आहे का, असं विचारत होता. नात दाराआड उभी होती. मावशीनं तिच्याकडं वळून पाहिलं आणि म्हणाली, "हरकत हाय. लिहा." तो गेल्यावर तिनं पीठ मळायला घेतलं. मळतच राहिली. नातीनं येऊन परात ओढून घेतली, तेव्हा ती थांबली.

नात बारावी होऊन परभणीला नर्सिंगला लागली, त्याच सुमारास अपिलाचा निकाल आला. वरच्या कोर्टानं मावशीचा शब्द खरा धरला. पण रागाच्या भरात एकच घाव घातला, ठरवून मारलं नाही, म्हणून खुनाऐवजी सदोष मनुष्यवध धरला. भोगली तेवढी शिक्षा पुरे. तो सुटला आणि गावातल्या घरी जाऊन राहिला. मावशीनं निरोप धाडला: घर तुझं हाय, रहा. पोरीच्या वाटंला जाऊ नगंस. तो आला नाही. ती गेली नाही.

मानवतच्या स्टँडवर ती मला भेटली, ते शेवटचं नीट भेटणं. नातीला परभणीच्या गाडीत बसवून दिलं होतं. गाडी वळणावर दिसेनाशी झाली तरी ती तिथंच उभी. मी चहाला ओढलं. चहा बशीत ओतून ती तशीच धरून बसली.

"बाई, कुनाला सांगू नगा. पोरीला तर न्हाईच."

"नाही सांगत."

"तो सुटला म्हनून फोन आला न्हवं का, तवा मला बरं वाटलं वो. लय बरं वाटलं. खोलीचं दार लावून मी हसले. आन् मग सुनंची आठवन झाली." तिनं बशी खाली ठेवली. "मी अशी कशी हाय?"

मी तिच्या हातावर हात ठेवला.

त्याच हिवाळ्यात ती गेली. वसतिगृहातून येऊन, लुगडं धुऊन गच्चीवर वाळत घातलं आणि छातीत दुखतंय म्हणाली. परभणीच्या दवाखान्यात दोन दिवस होती. शुद्ध अशी नव्हतीच.

तिसऱ्याच्या विधीनंतर मी खोलीवर गेले. नात गच्चीवर होती. ते लुगडं अजून दोरीवरच होतं, या टोकापासून त्या टोकापर्यंत. आम्ही दोघींनी ते उतरवलं. नऊवारीची घडी एकटीला जमत नाही. एक टोक तिनं धरलं, एक मी. आमच्यामधे ते अख्खं ताणलेलं होतं.

"बाई," ती पलीकडून म्हणाली, "दवाखान्यात तो आला होता. दारात उभा होता. माझी शिकाऊ ड्युटी त्याच वॉर्डात होती. मी हाकलू शकले असते."

"मग?"

"येऊ दिलं आत. पायाशी बसला. आजीचे पाय दाबत होता." तिचा आवाज खाली आला. "मी आईचं वाईट केलं का, बाई? आणि आजीला ते आवडलं असतं का?"

मी शब्द दिला होता. पण ज्या बाईला दिला होता ती आता नव्हती, आणि समोरच्या पोरीला आयुष्यभर तो प्रश्न उराशी घेऊन इंजेक्शनं द्यायची होती.

"आजीला बरं वाटलं असतं," मी म्हणाले. "लय बरं वाटलं असतं. आणि तुझ्या आईचं काही वाईट झालं नाही."

लुगड्याचं आपलं टोक घेऊन ती माझ्याकडे चालत आली, घडी जुळवायला जवळ येतात तशी, आणि टोकाला टोक लावल्यावर तिनं ते सोडलं नाही. माझ्या हातातल्या त्या घडीत तोंड खुपसून ती उभी राहिली. खाली बाजार उठत होता.