ओल्या पडद्यामागची मोलकरीण

मालकानं ओलं फडकं माझ्या तोंडावर फेकलं. म्हणाला, "पडदा भिजवणारी तू. लिहिणारी म्हणे!"

सोनारीची जत्रा. निजामाचं राज्य. फिरत्या तंबूतल्या सिनेमात पडद्यावर पाणी मारायचं माझं काम. पडदा ओला असला की चित्र पलीकडूनही दिसतं. पुढं पुरुष बसत, पडद्यामागं बाया. बायांना सगळं उलटं दिसायचं. उजवा हात डावा.

रीळ फ्रान्सातलं. जुनं, मुकं, हसवायचं. एक मोलकरीण साहेबाच्या घरात ताटं फोडत सुटते. गोष्ट कुण्या बाईनं लिहिलेली, असं रीळ विकणाऱ्यानं सांगितलेलं. तिच्या नावाची पट्टी मालकानं कात्रीनं कापली. "तिला हितं कोण वळखतंय?"

चित्र चालू असताना मालक कर्ण्यातून मराठी बोलायचा. ते बोलणं मी लिहून द्यायची. एका मास्तरीणबाईंकडं भांडी घासता घासता अक्षरं शिकले होते.

त्या संध्याकाळी तहसीलदारसाहेब पोट धरून हसले. "वा! किसने लिखा?"

"मीच, हुजूर," मालक म्हणाला.

माझ्या तोंडून निघून गेलं, "म्या लिवलंय."

मग ते फडकं. अख्खा तंबू हसला.

आजवर एवढंच सांगत आले. बाकीचं गिळलं. पन्नाशी उलटली, आता घशात राहत नाही.

मालक म्हणाला होता, "त्या मोलकरणीला आपल्याकडची कर. लोक लई हसतील." मी तिला माझी आई केली. आई तेरला एका वाड्यावर भांडी घासायची. तिचं 'चुकलं बाईसाब, पदरात घ्या' जसंच्या तसं लिहिलं. तिचं नावसुद्धा दिलं. शाबासकी हवी होती मला. आणि त्या संध्याकाळी आई पडद्यामागंच बसली होती.

फडकं हातात घेऊन मी मागं गेले. आई म्हणाली, "त्यानं तुला फडकं मारलं. तू मला काय मारलंस?"



दुसऱ्या दिवशी तेच रीळ. मी पडदा चिंब केला आणि बायांत जाऊन उभी राहिले. पहिलं ताट फुटलं. कर्णा आईचं नाव घ्यायच्या आत मी ओरडले, "हातातनं सुटलं न्हाय! म्या फोडलंय! हे शिळ्या भाकरीचं!"

दुसरं फुटलं. "हे शिव्यांचं!"

तिसऱ्याला बायाच ओरडल्या. एक म्हातारी म्हणाली, "अगं, ते मोठं घे की, परातीएवढं!" कर्णा त्या गलक्यात बुडाला.

मालक मागं धावत आला. "चूप! नीघ हितनं!"

फडकं त्याच्या हातात कोंबलं. "आता तुमीच भिजवा."

आई त्या दिवशी आली नव्हती. पुढं मी तिचे पाय धरले. तिनं पाय मागं घेतले नाहीत, पण 'पदरात घेतलं' असंही कधी म्हणाली नाही.

फ्रान्सातल्या त्या बाईचं नाव मला कळलं नाही. माझं नाव मी कुणाला कापू देणार नाही. आणि भांडी घासणारीला हसणारी ओळ माझ्याकडं कुणी मागितली, तर या खेपेला फडकं त्याच्या तोंडावर जाईल.