शिळं आभाळ

कुणी गेल्याचं कळलं की लोक वय विचारतात, काय झालं होतं ते विचारतात. रघूभाऊ विचारायचे, "रंग कुठला आवडायचा त्यांना?" समोरचा माणूस रडून रडून डोळे सुजवून आलेला, हातात मयताचा जुना फोटो, आणि हे गृहस्थ रंग विचारताहेत. पहिल्यांदा ऐकलं तेव्हा मला वाटलं, या माणसाला काही काळवेळ आहे की नाही. जव्हारच्या बाजारात त्यांचं फ्लेक्सचं दुकान आणि माझं झेरॉक्सचं दुकान एकमेकांना खेटून. मधली भिंत छतापर्यंत गेलेलीच नाही, त्यामुळे त्यांच्याकडचं सगळं बोलणं मला ऐकू यायचं आणि माझी बडबड त्यांना.

रंग विचारण्याचं कारण मला पुढे कळलं. श्रद्धांजलीच्या फ्लेक्सवर बाकीचे दुकानदार समई टाकतात, गुलाब टाकतात, उडणारी कबुतरं टाकतात. कबुतरांवर रघूभाऊंचा भारी राग. ते मयताच्या फोटोमागे त्याच्या आवडत्या रंगाचं आभाळ टाकायचे. आपलं रोजचं नव्हे. अंतराळात सोडलेल्या दुर्बिणींनी काढलेली चित्रं असतात ना, तेजोमेघांची, दीर्घिकांची, तारे जन्मतात त्या धुळीच्या खांबांची, ती. सगळ्या जगाला ती इंटरनेटवर फुकट बघायला ठेवलेली असतात म्हणे. सकाळी देवाला उदबत्ती लावून झाली की रघूभाऊ आधी तिकडे काही नवीन आलंय का ते बघत, मग चहा.

कॉम्प्युटरवर त्यांनी या चित्रांचे दोन कप्पे केले होते. एकाचं नाव 'पाळणा', दुसऱ्याचं 'राख'. जिथे तारे जन्मतात ती चित्रं पाळण्यात. तारा फुटल्यावर जे विखरून उरतं, त्याची चित्रं राखेत. वाढदिवस, बारसं, कुणाची निवडबिवड झाली तर पाळणा, आणि मयताला राख. गिऱ्हाइकाला यातलं काही कळत नसे, त्याला दोन्हीकडे रंगीत ढगच दिसायचे. पण रघूभाऊ हा नियम सोवळ्यासारखा पाळत.

"अहो, कोण बघतंय?" मी एकदा भिंतीवरून म्हटलं.

"मी बघतोय ना, वहिनी," ते म्हणाले. "राखेचं पाळण्यात जाऊन चालत नाही."

एरवी नवससायास, दृष्ट काढणं, मुहूर्त, सगळ्याची टर उडवणारा माणूस. मी दुकानाला लिंबू-मिरची बांधली तर म्हणाले, "वहिनी, भजी तरी करा त्यांची." आणि स्वतः मात्र अशी शिवाशिव पाळायचे. मी त्यावरून पुष्कळ चिडवलं त्यांना.

एकदा एक निळसर चित्र मला फार आवडलं. हे आत्ता कुठे दिसतं, विचारलं. रघूभाऊ हसले. "हे शिळं आभाळ आहे, वहिनी. तिथून उजेड निघाला तेव्हा जव्हार नव्हतं. चित्रात दिसतं ते कधीच होऊन गेलेलं असतं. आपल्याला आज कळतं, एवढंच."

"म्हणजे मयताचा निरोप उशिरा पोचावा तसं," मी म्हटलं.

"अगदी तसंच," ते खूश होऊन म्हणाले. पुढे येईल त्याला ते हे वाक्य ऐकवू लागले, वर माझं नाव सांगून.

आमच्याकडे फ्लेक्स कधी वाया जात नाही. दिवसकार्य उरकलं की लोक तो नाक्यावरून उतरवून घरी नेतात. फोटोतलं तोंड तेवढं कात्रीने कापून जपून ठेवतात, कारण माणसाच्या तोंडावर पाऊस पडू द्यायचा नाही. उरलेल्या कापडाने कुणी पेंढा झाकतं, कुणी शेळ्यांना आडोसा करतं, कुणी छपराला आतून लावतं. चित्र आतल्या बाजूला, म्हणजे उन्हाने विटत नाही. जामसरचा एक म्हातारा रघूभाऊंना सांगायला आला, "भाऊ, तुझा आभाल घरात लावलाय. आडवा झाला का तारंच तारं." त्या दिवशी रघूभाऊंनी अख्ख्या बाजाराला चहा पाजला. एवढ्या लांबचे ते ढग साखरशेतच्या, जामसरच्या कुडाच्या घरांत लागलेत, याचं त्यांना केवढं अप्रूप.

त्यांची मुलगी स्वाती. आई लहानपणीच गेली, त्यामुळे पोर त्या दुकानातल्या स्टुलावरच वाढली. अर्धी तिकडे, अर्धी माझ्याकडे. बापाला बोलायला मागेपुढे बघायची नाही. "बाबा, माझ्या लग्नाच्या फ्लेक्सवर तुमचे ढग नकोत हं, गणपती टाका," म्हणायची. तिला नाशिकला नर्सिंगला प्रवेश मिळाला तेव्हा पेढे मीच वाटले. बाजारातली पोरं हटून बसली, स्वातीचा फ्लेक्स संध्याकाळच्या आत नाक्यावर लागलाच पाहिजे. त्यात लाइट जाणार असल्याचा निरोप आलेला. रघूभाऊंची नुसती धांदल. स्वाती मागे उभी राहून पडद्यावर बोट ठेवून म्हणाली, "बाबा, ते जांभळं घ्या ना. ओढणीला मॅच होतं." त्यांनी घेतली. लाइट जायच्या आत फ्लेक्स छापून झाला. नाक्यावर माझी स्वाती दोन्ही हात छातीशी जोडून उभी, मागे जांभळं आभाळ. दृष्ट लागावी अशी दिसत होती, आणि मी हे मोठ्याने म्हटलं, तर रघूभाऊंनी माझी थट्टा केली.

गणपतीला ती घरी आली ती ताप घेऊनच. दोन दिवसांत तब्येत पार ढासळली आणि नाशिकला हलवायचं ठरलं. गाडीत मागे मी आणि रघूभाऊ, तिचा हात त्यांच्या हातात. मोखाडा मागे टाकल्यावर एका वळणावर ते म्हणाले, "वहिनी, गार का लागतोय हात?" मला कळलं होतं. माझा देवावरचा विश्वास त्या वळणावर उतरला तो परत काही गाडीत बसला नाही.

चौथ्या दिवशी त्यांनी दुकान उघडलं. मी जाऊन शेजारी बसले. तिचा फ्लेक्स दुसऱ्या कुणाला करू देणार नव्हते ते. कॉम्प्युटर सुरू केला, तिचा फोटो घेतला आणि सवयीने स्वतःशीच म्हणाले, "रंग कुठला आवडायचा तिला?" मग राखेचा कप्पा उघडला. एकेक चित्र सरकत होतं. एका जांभळ्या चित्रावर त्यांचा हात थांबला.

"वहिनी," ते म्हणाले, "हे मी तिला आधीच दिलंय."

मला आधी कळेचना. मग कळलं. धांदलीत चित्र कुठल्या कप्प्यातून येतंय ते त्यांनी बघितलंच नव्हतं. पोरीच्या अभिनंदनाला राख लागली होती.

मी भांडले त्यांच्याशी. म्हटलं, रघूभाऊ, कप्पे तुम्ही केलेत. नावं तुम्ही ठेवलीत. त्या ताऱ्याला कुठे माहीत, जव्हारला कुणी स्वाती आहे म्हणून? तो फुटला तेव्हा जव्हार नव्हतं, हे तुम्हीच सांगता ना?

"तेच तर," ते म्हणाले. "चित्रात दिसतं ते होऊन गेलेलं असतं. मी नाक्यावर लावलं तेव्हाच ते झालेलं होतं, वहिनी. सगळ्या गावाने बघितलं. आपल्याला उशिरा कळलं, एवढंच."

जन्मभर ज्या वाक्याने त्यांनी लोकांना समजावलं, तेच त्यांच्या नरड्याशी आलं. स्वातीचा फ्लेक्स त्यांनी कोरा पांढरा केला. नुसतं नाव.

त्यानंतर त्यांनी आभाळ कुणालाच दिलं नाही. जामसरचा तोच म्हातारा बायकोच्या फ्लेक्ससाठी आला, म्हणाला, "माझे बायकोला पण तोच आभाल दे." रघूभाऊंनी पडद्यावर चित्र काढलं आणि मोठं करत नेलं, आणखी मोठं, आणखी मोठं. "बघा काका," ते म्हणाले. "मोठं केलं की नुसते चौकोन उरतात. तिथे कोणी नाही." म्हातारा उठला आणि बाजारातल्या दुसऱ्या फ्लेक्सवाल्याकडून कबुतरं घेऊन गेला.

स्वातीचा अभिनंदनाचा फ्लेक्स तोवर नाक्यावरून नाहीसा झाला होता. कुणीतरी नेला होता, नेहमीसारखा. रघूभाऊंनी ध्यास घेतला, तो कुणाच्या घरावर राहता कामा नये. मोटरसायकलला कोरी निळी ताडपत्री बांधून ते पाड्यापाड्यांतून फिरू लागले. लोकांच्या छपराखाली वाकून बघायचे. माणसं समजून होती, कुणी अडवलं नाही. शेवटी साखरशेतला सोनी नावाच्या एका बाळंतिणीच्या घरात तो सापडला. छपराला आतून लावलेला, खाली झोळीत तिचं तान्हं. सोनीने काही न विचारता काढू दिला, त्या जागी नवी ताडपत्री बांधून घेतली. कापून ठेवलेलं स्वातीचं तोंडही तिने डब्यातून काढून दिलं. ते रघूभाऊंनी खिशात ठेवलं आणि आभाळ दुकानामागे आणून जाळलं. जळक्या प्लास्टिकचा तो घाण वास माझ्या दुकानातल्या कागदांना कितीतरी दिवस येत होता. मी त्यांना थांबवायला गेले नाही. काय म्हणून थांबवणार होते?

पुढे त्यांनी यंत्र विकलं, दुकान सोडलं. आता विक्रमगडला भावाकडे असतात. मी भेटून आले. खाटेवर बसलेले असतात. सूर्य मावळला की आत जातात. मी निघताना त्यांनी फक्त "सांभाळून जा, वहिनी" एवढं म्हटलं.

परवा सोनी माझ्याकडे झेरॉक्सला आली, पोर कमरेवर. भिंतीपलीकडे आता मोबाइल दुरुस्तीवाला बसतो. तिने तिकडे डोकावून विचारलं, "तो भाऊ कुठं गेला?"

मी सांगितलं.

"त्याला सांग," ती म्हणाली, "पोर निजत नाय आता. झोळीत घातला का वरती बघतं, बघतं, नि मंग रडतं. निळाच हाय ना नुसता."

मी तिचे कागद काढून दिले. रघूभाऊंना हे मी कळवलेलं नाही, कळवणारही नाही.