आभाळाचा बांध

आधी चहा संपवा. कप हिंदकळला तर आमची कौसा मला बोलती, पाव्हण्याला न्हाय. संपला? मग ऐका. माझी फजिती गावात चार तऱ्हेनं सांगितली जायली, आन् त्यातली सगळ्यात वाईट तऱ्हा दगडूची हाय. तवा ती माझ्याच तोंडून ऐकलेली बरी. निदान हसायचं कुठं, ते तरी मला ठरवता येईल.

दगडू म्हणजे आमच्या रानाचा शेजारी. दरसाली नांगरताना ह्यो माणूस आमच्यातला बांध वीतभर कोरतो, आन् दरसाली मी त्याला शिव्या देतो. निम्मी हयात त्यातच गेली. तो ध्यानात ठेवा, तो पुढं येणार हाय.

आता आमची सून, अश्विनी. ती ड्रोन उडवती. लग्नाचं, बारशाचं वरून शूटिंग करती. ते यंत्र पहिल्यांदा घरात आलं तवा म्या म्हणलं होतं, "बाईमाणसाला आभाळात काय बघायचंय?" ती काय बोलली न्हाय. तिचा स्वभावच तसा. बोलत न्हाय, करती.

यंत्र केवढं? ओंजळीत मावंल एवढं. बंद असलं की वढ्यातल्या मेलेल्या खेकड्यावानी पडून ऱ्हातं. पण एकदा का पंख फिरले की जे उठतंय, ते उठतच जातंय, आन् बघणाऱ्याची मान मागं कलत जाती, तोंड उघडं पडतंय.

खरं सांगू का? मी वरवर शिव्या देत होतो, पण आतून माझा जीव त्या यंत्रात अडकला होता.

त्याचं असं हाय. लहानपणी मी गुरं राखायचो, गावामागच्या माळावर. दुपारचं उताणं पडायचं आन् घारी बघायच्या. घार पंख हलवत न्हाय, बघा. नुसती तरंगती, गोल गोल, जशी काय वरून कुणीतरी दोरीनं धरलीया. मला वाटायचं, हिला काय काय दिसत असंल? आमचं रान दिसत असंल, वढा दिसत असंल, मग मी बी दिसत असंल का? असा विचार करता करता डोळा लागायचा आन् झोपंत मीच घार व्हायचो. तिकडं गुरं लोकाच्या ज्वारीत शिरायची आन् मार मला बसायचा. मार विसरलो. घार न्हाय विसरलो.

तर एक दिवस अश्विनी रानात यंत्र उडवीत होती आन् मी लांबून, न बघितल्यासारखं करून, बघत होतो.

"या की मामा," ती म्हणली. "लांबून मान दुखंल."

गेलो. तिच्या हातात फोनाएवढी काच, तिच्यात वरचं सगळं दिसायलं होतं. म्या इचारलं, "किती उंच जातंय गं हे?"

"जायला लई जातंय. पण एकशेवीस मीटरच्या वर न्यायचं न्हाय. चारशे फूट धरा."

मला हसू आलं. चारशे फूट ह्यो आकडा आमच्याकडं खाली जातो, वर न्हाय. आमच्या रानात बोर मारला, तवा चारशे फुटाला नुसता धुरळा निघाला. बोरवाला म्हणला, थांबू का? म्या म्हणलं, अजून पन्नास घे. आमच्या भागात बोरच्या गाडीपुढं उभं ऱ्हाऊन असं न म्हणलेला माणूस मला दाखवा. पाणी कायम पुढल्या पन्नासातच असतंय.

"मग अजून पन्नास घे की," म्या म्हणलं.

"मामा, ह्यो बोर न्हाय. चारशेला बांध हाय. बांधाच्या ह्या अंगाला आपण, त्या अंगाला विमान, हेलिकॉप्टर."

"आभाळाला कसला आलाय बांध?"

"दगडूमामाबी असंच म्हणत असतील नांगरताना."

बघा. बोलत न्हाय म्हणलं ना मी? बोलली की अशी बोलती.

मग तिनं बाकीचं सांगितलं. यंत्र आपल्या डोळ्याला दिसंल तेवढंच लांब न्यायचं. काचंत बघत बसायचं न्हाय, वर बघायचं. माणसांच्या डोक्यावरून न्हाय, वारं सुटलं असलं तर न्हाय. एवढं सगळं ह्या कानातून त्या कानातून गेलं. एक मात्र पक्कं बसलं. काचंवर घराचं चित्र होतं.

"हे दाबलं की यंत्र आपलं आपण घरी येतंय," ती म्हणली. "कुठंबी असू द्या. झाडाझुडपात अडकू नये म्हणून उंचावरूनच येतंय."

"घरी?"

"व्हय, घरी."

तवा मला त्या यंत्राचं लई कौतुक वाटलं. आमचा बैल असाच होता. रानात कासरा सोडला की सरळ दावणीला येऊन उभा.

चार-सहा दुपारी तिनं मला शिकवलं. बाजूला उभी ऱ्हायची, मी उडवायचो. पण चारशेला यंत्र थांबायचं म्हणजे थांबायचंच. तिनं तशी खुटीच मारून ठेवली होती. मी बोट दाबून धरायचो आन् मनात म्हणायचो, अजून पन्नास. वर, पुढल्या पन्नासात, काय तरी असणार. काय ते मला सांगता येईना.

आन् तेवढ्यात तिला उमरग्याचं एक लग्न मिळालं. आजवर ती दुसऱ्याच्या हाताखाली जायची. हे तिनं स्वतः बोलून, स्वतःच्या नावावर धरलेलं पहिलंच. लग्नाच्या आदल्या दिवशी ती मांडवाची जागा बघायला उमरग्याला गेली. जाताना यंत्र चार्ज करून कपाटावर ठेवलं आन् सासूला, म्हणजे आमच्या कौसाला, म्हणली, "आत्या, ह्याला कुणी हात लावू नका. उद्या ह्याच्यावर माझं नाव हाय."

कुणी म्हणजे कोण, ते घरात सगळ्याला माहीत होतं.

आता इथं माझी अक्कल बघा. मला एक गोष्ट दिसून आली होती. स्लॅबवरून उडवलं तरी काचंवरचा आकडा शून्यापासूनच चालू होतो. म्हणजे यंत्राला जमीन कळत न्हाय, जिथनं उठलं तीच त्याची जमीन. मग माळावरून उठवलं तर? माळाची दोनशे फूट उंची फुकटात. खुटी चारशेलाच, पण गावावर गेलं की खालून सहाशे. शाळंत न गेलेल्या माणसाला हे सुचलं म्हणून मी त्या दिवशी आरशात बघून मिशीवर हात फिरवला.

"पिशवीत काय हाय?" कौसानं दारातच धरलं.

"पाणी. माळावर फिरून येतो."

"आज मिशीला तेल लावून?"

पिशवी बगलंत मारली. निघालो.

माळावर ऊन कलतीला लागलं होतं. वारं जरा होतं, पण जरा म्हणजे किती, ते म्या ठरवलं. एका सपाट दगडावर यंत्र ठेवलं आन् उठवलं. गेलं. चारशेला थांबलं. मग म्या त्याला गावाकडं लोटलं.

आन् मग काय सांगू. काचंत बघितलं आन् माझे पायच जमिनीवर ऱ्हायले न्हाईत. खाली ज्वारी अशी हलायली जशी मांजराच्या पाठीवरनं कुणी हात फिरवायलंय. करडईचा तुकडा पिवळा, हरभऱ्याचा हिरवा, वढा मधी चांदीच्या करगोट्यावानी पडलेला. घरं म्हणजे पोरांनी खेळून टाकून दिलेल्या काड्याच्या पेट्या. आमच्या स्लॅबवर लाल ठिपका दिसला, ती कौसानं वाळत घातलेली मिरची. वर गाडीचा आवाज न्हाय, भांडण न्हाय, कुणाचं बोलणं न्हाय. मला वाटलं, मरून गेल्यावर असंच असलं तर काय वाईट न्हाय.

मग मी दगडूचा बांध हुडकायला लागलो. हिकडं नेलं, तिकडं नेलं. त्याचं रान दिसलं, माझं रान दिसलं. बांध दिसला न्हाय. ज्याच्यापायी निम्मी हयात घसा फोडला, तो वरून दिसतच न्हाय. मी कितीतरी वेळ तिथंच तरंगत ऱ्हायलो. मी घार होतो. पंख हलवायची गरज नव्हती.

टूं टूं आवाजानं जागा झालो. बॅटरी संपत आली म्हणून काच लाल झालती. वर बघितलं. आभाळात काय न्हाय. यंत्र कुठं हाय, आभाळ कुठं हाय, काय कळंना. डोळ्यापुढं अश्विनी आली. उद्या ह्याच्यावर माझं नाव हाय.

तेवढ्यात घराचं चित्र आठवलं. दाबलं. आतून एक बाई विंग्रजीत काय तरी म्हणली, त्यातलं 'होम' तेवढं कळलं. जिवात जीव आला. निघालं म्हणलं यंत्र घरी. मग आपण इथं उभं ऱ्हाऊन काय करायचं? आपणबी घरी जावं. बैलाच्या मागं कुणी थांबतं का रानात?

काच पिशवीत घातली, तंबाखू मळली, धोतर सावरलं आन् माळ उतराया लागलो. चार पावलं गेलो असंल, तर डोक्यावर घूं घूं. माळाच्या कड्याला आग्या मव्हळ हाय, ते गावाला ठाऊक हाय. म्हणलं, उठल्या माशा. उपरणं डोक्यावर घेतलं, हात झाडत, धोतर वर धरून ह्या वयात जो पळालो, ते थेट खाली पांदीच्या वाटंवर येऊन थांबलो. मागं वळून बघितलं न्हाय. माशा उठल्यावर मागं कोण बघतंय?

घरी आलो. अंगणात गोधडी पसरली. कोंबड्या हाकलल्या.

"कुणाला झोपायचंय?" कौसा म्हणली.

"झोपायचं न्हाय. येईल आता. वरून."

तिनं वर बघितलं, माझ्याकडं बघितलं आन् पदर खोचला. आम्ही दोघं गोधडीच्या कडंला मान वर करून बसलो. एक घार आली. मी उठलो. घार गेली. मी बसलो. ऊन भिंतीवर चढलं आन् भिंतीवरनं गेलं.

तेवढ्यात अश्विनी उमरग्याहून आली. कपाटाकडं बघितलं, गोधडीकडं बघितलं.

"मामा. ड्रोन?"

"यायलंय."

"कुठनं यायलंय?"

"माळावरनं उडवलं होतं. घराचं बटन दाबलंय म्या. तू फिकीर करू नको."

ती मटकन गोधडीवरच बसली. तिचा चेहरा बघून माझ्या तोंडातली तंबाखू कडू झाली.

"मामा," ती हळूच म्हणली, "घर म्हणजे आपलं घर न्हाय. जिथनं उडालं, ते त्याचं घर."

असं कुणी घर म्हणतं का? तुम्हीच सांगा. पण तवा तोंड उघडायची सोय नव्हती. ती पुढं, मी मागं, माळाच्या वाटंला लागलो. म्हाताऱ्या माणसाला देव आठवतो म्हणतात. मला ती पळापळीची वाट आठवत होती, कारण माशा तिथंच असणार.

माशा नव्हत्या. त्या सपाट दगडापाशी दगडूच्या शेळ्या होत्या आन् दगडू काठी आडवी धरून यंत्रापुढं बसला होता.

"शेळ्या खात्यात म्हणून राखण बसलोय," तो म्हणला. "वरनं आलं, बरोब्बर ह्याच दगडावर बसलं. लई गुणाचं हाय. मालक सोडून गेला तरी जागा सोडली न्हाय."

अश्विनीनं यंत्र उचललं, पंख फिरवून बघितले. ओरखडा न्हाय. तवा कुठं ती मोठ्यानं श्वास सोडून म्हणली, "दगडूमामा, चला, चहा घ्यायला." म्हणजे ज्याला म्या उभ्या जन्मात चहा पाजला न्हाय, त्याला त्या दिवशी माझ्याच घरात, माझ्याच कपात.

वाटंनं तिनं मला एकच गोष्ट सांगितली. "चारशे फूट हे खालच्या जमिनीपासून धरायचं, मामा. गावावर गेल्यावर तुम्ही वरच्याच्या रानात शिरला. बांध कोरला तुम्ही."

दगडू मागून खोकला. खोकला नव्हता तो.

घरी आल्यावर कॅमेरा नीट हाय का ते बघायला तिनं टीव्हीवर शूटिंग लावलं. सगळे बसले. ज्वारी हलली, वढा चमकला. कौसाला तिची मिरची दिसली आन् ती एवढी खुलली की मला माफी झाल्यासारखंच वाटलं. दगडू टीव्हीच्या जवळ सरकला. त्यानंबी बांध हुडकला असंल.

मग चित्र फिरलं. यंत्र माळावर आलं आन् हळूहळू खाली यायलं. दगड दिसला. दगडापासनं जरा पुढं एक म्हातारा, डोक्यावर फडकं, हातानं हवा झाडत, धोतर गुडघ्याच्या वर धरून, उतारानं उड्या मारत पळायला होता. यंत्र बिचारं त्याच्या मागं उतरतंय, आन् हा मागं वळून बघंना.

मला राहवलं न्हाय. म्या म्हणलं, "आरं, हे कुठलं खुळं? यंत्र दारात आलंय आन् हे पळून चाललंय."

दगडूनं कप खाली ठेवला.

"कुठलं ते मला ठाऊक न्हाय," कौसा म्हणली, "पण धोतराला मागं ठिगळ म्या लावलंय."

अश्विनीनं चित्र तिथंच थांबवलं. म्हातारा एक पाय हवेत घेऊन टीव्हीवर अडकला.

"थांबू का मामा," ती म्हणली, "का अजून पन्नास घेऊ?"

दुसऱ्या दिवशी उमरग्याचं लग्न झकास झालं. तिचं नाव झालं. यंत्र आता कपाटाच्या वर न्हाय, आत असतंय, आन् किल्ली कौसाच्या कमरंला. मी अजून दुपारचं माळावर उताणा पडतो. घार येती, गोल फिरती. लहानपणी जो प्रश्न होता तो आता ऱ्हायला न्हाय. वरून मी दिसतो. ठिगळासकट दिसतो.

खाली चारशे फुटाला धुरळा निघाला होता. वर चारशे फुटाला मी निघालो.